पान सतराच्या पुढे

भैय्याजींचा फोन आला तेव्हा रुपराव खोरगडे अंगाला तेल चोळून आंघोळीचं पाणी तापायची वाट पाहत बसले होते. भैय्याजी म्हणजे रविवार वाचक मंडळाचे अध्यक्ष. गांधीबागेतलं कापडाचं दुकान मुलांवर सोपवल्यापासून त्यांनी साहित्याकडे लक्ष वळवलं होतं, आणि दुकानाइतक्याच धडाक्यानं ते साहित्यही चालवत.

"रुपरावजी, ठरलं," भैय्याजी म्हणाले. "मंडळाच्या वाचनकक्षाले तुमच्या आजोबाचं नाव देऊन राहिलो. पुढच्या रविवारी, संध्याकाळी पाच वाजता. तुम्ही एकच काम करा जी. ते पुस्तक घेऊन या. चौरंगावर ठेवू, लोकं दर्शन घेतीन."

"पुस्तक काय, घरीच आहे," रुपराव म्हणाले.

हे वाक्य ते गेली चाळीस वर्षं म्हणत आले होते. त्यांचे आजोबा आत्माराम खोरगडे शाळेत असिस्टंट मास्तर होते आणि त्यांनी १९१२ साली 'सुबोध गोष्टी व पद्ये, भाग पहिला' नावाचं पुस्तक छापलं होतं. अकरा गोष्टी आणि एकवीस कविता. भाग दुसरा कधी निघाला नाही. पहिल्या भागाची प्रतही कुठल्या ग्रंथालयात सापडत नव्हती. होती ती एवढी एकच, खोरगड्यांच्या घरातली. रुपराव सरकारी कचेरीतून हेडक्लार्क म्हणून निवृत्त झाले, पण ओळख करून देताना ते स्वतःचं पद सांगत नसत, आजोबांचं पुस्तक सांगत. प्रेमलताबाईंना ते पाहायला गेले तेव्हासुद्धा मुलीला स्वयंपाक येतो का, हे विचारायच्या आधी त्यांनी पुस्तकाचं साल सांगितलं होतं.

आंघोळ झाल्यावर त्यांनी कपाट उघडलं. वरच्या खणात, लाल कापडात बांधलेलं पुस्तक जागेवर होतं. त्यांनी हात जोडले, गाठ सोडली आणि ते खाली बसले. कापडात 'गुरांची निगा व घरगुती उपाय' नावाचं पुस्तक होतं.

मग हळूहळू सगळं आठवलं. सात वर्षांपूर्वी ऋषिकेश नावाचा एक होतकरू मुलगा घरी आला होता. त्याला विदर्भातल्या जुन्या कथांवर पीएच.डी. करायची होती. आठ दिवसांसाठी म्हणून त्यानं पुस्तक नेलं. मधेच दसरा आला. पूजेला रिकामं कापड कसं ठेवायचं, म्हणून रुपरावांनी तेवढ्याच आकाराचं एक जुनं पुस्तक त्यात बांधलं. आठ दिवसांचे आठ महिने झाले, मग विषयच डोक्यातून गेला. म्हणजे गेले सात दसरे खोरगड्यांच्या घरात गुरांच्या निगेला हळद-कुंकू वाहिलं जात होतं.

ऋषिकेश आता एका कॉलेजात प्राध्यापक झाला होता. त्यानं फोन लगेच उचलला.

"काका, तुमच्या पुस्तकामुळंच तर माझी पीएच.डी. झाली. चौथं प्रकरण आख्खं मास्तरांवर आहे. काय करुण रस आहे त्या माणसात. विधवा, अनाथ, दारिद्र्य... मी तर वाचताना थांबायचो."

"चांगली गोष्ट आहे सर. पण पुस्तक कुठी आहे?"

"ते नत्थूजींकडे आहे. काटोलचे. कवी आहेत, संत्र्याचा व्यापार आहे त्यांचा. दोन दिवसांसाठी म्हणून नेलं."

"कधी?"

"कोरोनाच्या आधी," ऋषिकेश म्हणाला.

नत्थूजींना फोन लावला तर ते मंडीत होते. मागून लिलावाची ओरड ऐकू येत होती. "आहे, आहे. एकदम सुरक्षित आहे," ते म्हणाले. "तीन वेळा वाचलं मी. तिन्ही वेळा रडलो. पण आता आंबिया बहाराच्या संत्र्याचा माल सुरू आहे जी, मले मरायलेही फुरसत नाही. शनिवारी या. वहिनीलेही आणा, जेवूनच जा."

शनिवार म्हणजे कार्यक्रमाच्या आदल्या दिवशी. रुपरावांनी मनाशी हिशेब केला: शनिवारी दुपारी पुस्तक हातात, रविवारी चौरंगावर. कोणाला काही कळायचं कारण नव्हतं. तेवढ्यात भैय्याजींचा पुन्हा फोन आला.

"फ्लेक्स छापाले टाकून राहिलो. पुस्तकाचा फोटो पाठवा."

"ते मी..." रुपराव थांबले. "बाइंडिंगले दिलं आहे."

"वा, वा. म्हणजे नव्या रूपात दर्शन. पण तुमच्या मोबाइलमध्ये जुना फोटो असनच ना एखादा."

आपल्या आजोबांच्या पुस्तकाचा एकही फोटो आपल्याजवळ नाही, हे चाळीस वर्षांनंतर सांगायला रुपरावांची जीभ वळेना. त्यांनी खिडकीचा पडदा ओढला, गुरांची निगा चौरंगावर ठेवली, समोर उदबत्ती लावली आणि लांबून, धुरातून फोटो काढला. पुस्तक जुनं होतं, तांबूस होतं, नाव वाचता येत नव्हतं. त्यांनी तो दोनदा मोठा करून पाहिला आणि पाठवून दिला.

"हे काय करून राहिले?" दारातून प्रेमलताबाईंनी विचारलं.

"काही नाही. फोटो मागितला मंडळानं."

"अंधारात?"

"जुनी वस्तू आहे वं. उजेडानं खराब होते."

गुरुवारी चौकात फ्लेक्स लागला. आठ फूट उंच, बारा फूट रुंद. वर भैय्याजींचा हसरा चेहरा, खाली 'कै. आत्माराम खोरगडे मास्तर यांच्या अजरामर साहित्यकृतीचे दर्शन' आणि मधोमध पुस्तक. छापणारा आपल्या कामात हुशार निघाला. त्यानं धूर पुसून काढला होता आणि अक्षरं उजळवली होती. चौकाच्या पलीकडून, पानठेल्यावरूनसुद्धा 'गुरांची निगा' स्वच्छ वाचता येत होतं.

दुपारीच रविंद्र दूधवाला घरी आला. त्याच्याकडे नऊ म्हशी होत्या.

"बाबूजी, फ्लेक्स पाह्यला. तुमचे आजोबा ढोरायचे डॉक्टर होते, हे मले माहीतच नव्हतं. माझी एक भैस आठ दिवस झाले नीट चारा खाऊन नाही राहिली. पुस्तकात काही असन तर पाहून सांगा ना जी."

रुपरावांनी त्याला घालवून द्यायचे दोन प्रयत्न केले. मग आत जाऊन कापड सोडलं आणि चारा न खाणाऱ्या गुरांचं पान काढून वाचून दाखवलं: ओवा, काळं मीठ, थोडा गूळ. रविंद्रनं ते मोबाइलवर रेकॉर्ड करून घेतलं. शुक्रवारी सकाळी तो अर्धा लिटर खरवसाचा चीक घेऊन आला. म्हैस रवंथ करू लागली होती. आणि त्यानं ही गोष्ट वस्तीत सगळ्यांना सांगितली होती.

संध्याकाळी भैय्याजींचा फोन. "रुपरावजी, आजोबा जनावरावरही लिहून गेले, हे तुम्ही कधी सांगितलं नाही."

"विषय नाही निघाला," रुपराव म्हणाले.

"मी पत्रिकेत टाकलं. साहित्यिक व पशुतज्ज्ञ."

रुपरावांना शेवटी बायकोला खरं सांगावं लागलं, आणि शनिवारी सकाळच्या बसनं दोघं काटोलला गेले. नत्थूजींच्या अंगणात संत्र्यांच्या क्रेटांची थप्पी लागली होती. त्यांनी दोघांना आग्रहानं जेवू घातलं, स्वतःच्या पाच कविता ऐकवल्या आणि मग मागच्या खोलीत नेलं. तिथे चार भिंतींना लागून लोखंडी रॅक होते आणि त्यांत पुस्तकं होती. प्रत्येक पुस्तकाला खाकी कागदाचं कव्हर. एकावरही नाव नव्हतं.

"नाव काहून नाही टाकलं?" रुपरावांनी विचारलं.

"नाव टाकलं का लोकं वाचाले मागतात," नत्थूजी म्हणाले. "नेतात आन् वापस देत नाहीत. लोकं असेच असतात जी."

"मंग तुम्हाले कसं समजते?"

"मले अंदाज आहे." नत्थूजींनी अंदाजानं एक पुस्तक काढलं. ते ठिबक सिंचनाचं निघालं. दुसरं काढलं, तेही ठिबक सिंचनाचंच, दुसरी आवृत्ती.

मग तिघंही कामाला लागले. साडेचारशे पुस्तकं एकेक उघडायची, पहिलं पान पाहायचं, परत ठेवायची. नत्थूजींना मधेच आपलं जुनं काही सापडे आणि ते वाचत उभे राहत. शेवटी अडीच वाजता, सगळ्यात खालच्या रॅकमधून प्रेमलताबाईंनी एक पातळ पुस्तक ओढलं आणि म्हणाल्या, "हे पाहा बरं. १९१२."

रुपरावांनी ते झटकन हातात घेतलं. त्यांनी पुस्तक कपाळाला लावलं. नत्थूजी गहिवरून म्हणाले, "द्याले जीवावर येऊन राहिलं. आठवी गोष्ट तर काळीज चिरते. मी उद्या कार्यक्रमाले येतो, आन् बोलतो."

परतीच्या बसमध्ये रुपरावांना डुलकी लागली. बाजूला प्रेमलताबाई नत्थूजींनी दिलेलं संत्रं सोलत होत्या. हाताला लागेल ते वाचायची त्यांना सवय होती, पुडीचा कागदसुद्धा त्या वाचल्याशिवाय टाकत नसत. लग्नानंतर हे पुस्तक त्यांनी एकदा मागितलं होतं, तेव्हा सासऱ्यांनी सांगितलं होतं की कागद जुना आहे, हात लावला तर तुटेल. त्यांनी हात पुसले, खाकी कव्हर काढलं आणि वाचायला सुरुवात केली. कळमेश्वर मागे पडलं तेव्हा त्यांनी नवऱ्याला कोपरानं हलवलं.

"अहो. हे पुस्तक तर उघडलंच नाही कोणी."

"म्हणजे?"

"पाहा ना. सतराव्या पानापर्यंत ठीक आहे. पुढची पानं कडेनं जोडून आहेत. कापलीच नाहीत."

रुपरावांनी चष्मा लावून पाहिलं. जुन्या काळी छापलेला मोठा कागद घड्या घालून शिवत, आणि घेणारा माणूस घरी सुरीनं कडा कापून पानं मोकळी करत असे. या पुस्तकाची पहिली सतरा पानं तेवढी वाचता येत होती. तिथून शेवटपर्यंत पुस्तक बंद होतं, छापखान्यातून आलं तसं. आजोबांना स्वतःचं लिखाण वाचायची गरज पडली नसावी. वडिलांनी ते पूजेला ठेवलं. पुढे ऋषिकेशनं प्रबंध लिहिला आणि नत्थूजी तीनदा रडले.

"तुम्ही तर म्हणता, तुम्ही वाचलं आहे," प्रेमलताबाई म्हणाल्या.

"लहानपणी वाचलं होतं."

"मंग पानं पुन्हा जोडली कोणं?"

रुपराव खिडकीबाहेर पाहू लागले. बस नागपुरात शिरेपर्यंत त्यांनी मान वळवली नाही.

घरी आल्यावर प्रेमलताबाईंनी चहा टाकायच्या आधी स्टीलची पट्टी शोधून काढली. "थांब वं," रुपराव म्हणाले, "उद्या चौरंगावर ठेवायचं आहे. मंडळाले विचारा लागते."

"मंडळाच्या आजोबाचं आहे काय?" असं म्हणून त्यांनी पट्टी घडीत घातली आणि सावकाश ओढली. कागद तुटला नाही. त्यांनी एकेक करत सगळी पानं मोकळी केली आणि पुस्तक घेऊन आतल्या खोलीत जाऊन बसल्या.

रुपराव बाहेरच्या खोलीत भाषण पाठ करत होते. ऋषिकेशनं त्यांना आपलं चौथं प्रकरण व्हॉट्सॲपवर पाठवलं होतं. त्यातलीच वाक्यं त्यांनी उतरवून घेतली होती. 'मास्तरांच्या लेखणीतून समाजाचे अश्रू पाझरतात' इथपर्यंत ते आले की आतून हसण्याचा आवाज येई. आधी हळू, मग मोकळा, मग पदर तोंडाशी धरून दाबलेला.

"काय झालं वं?"

"या इकडं. वाचून दाखवते."

"मले टाइम नाही. पाठ होऊन नाही राहिलं."

त्या तीनदा हाक मारून गेल्या. तिन्ही वेळा रुपरावांनी हातानंच थांबवलं. अश्रू पाझरतात की झिरपतात, हे अजून त्यांच्या तोंडी बसत नव्हतं.

रविवारी सभागृह भरलं होतं. फ्लेक्समुळे दूध-व्यवसायातली मंडळीही बऱ्यापैकी आली होती. चौरंगावर मखमल, मखमलीवर पुस्तक. पहिल्या रांगेत प्रेमलताबाई. मंचावर भैय्याजी, ऋषिकेश, नत्थूजी आणि घामानं ओले झालेले रुपराव.

ऋषिकेश चांगला बोलला. दुःख हा मास्तरांच्या साहित्याचा प्राण आहे, असं त्यानं सांगितलं. त्यांच्या पहिल्या पत्नीचं निधन तरुणपणीच झालं असावं, याला एका कवितेत पुरावा आहे, असं म्हणून त्यानं डोळे मिटले आणि ओळी म्हटल्या:

"गेलीस टाकुनी मजला, या भर पावसात,
कोणाचा धरू मी आता, सांग सखे, हात?"

सभागृह शांत झालं. नत्थूजींनी रुमाल काढला. आणि त्या शांततेत पहिल्या रांगेतून हसू फुटल्याचा आवाज आला. प्रेमलताबाईंनी तोंडावर दोन्ही हात ठेवले होते, पण खांदे हलत होते.

रुपरावांनी डोळे वटारले. उपयोग झाला नाही. भैय्याजींनी आयुष्यभर गिऱ्हाइकांचे चेहरे वाचले होते. ते माइकवर आले आणि म्हणाले, "वहिनीले काही सांगायचं आहे असं दिसते. या ना वहिनी वर."

प्रेमलताबाईंनी आधी नको म्हटलं. मग पदर खोचून त्या वर आल्या, चौरंगावरून पुस्तक उचललं आणि पान उलटलं. "सरांनी म्हटल्या त्या ओळी सतराव्या पानावर खाली आहेत," त्या म्हणाल्या. "कविता तेथी संपत नाही. पान उलटलं का अठराव्यावर पुढं आहे."

आणि त्यांनी साध्या आवाजात वाचलं:

"दांडी तुझी काळी होती, मूठ पितळेची,
देवळातुन नेली कोणी, हौस फुकटाची."

क्षणभर कोणाला कळलं नाही. मग मागून रविंद्र दूधवाला म्हणाला, "छत्री हाये का जी ते?" आणि सभागृह हसायला लागलं. प्रेमलताबाईंनी पुढची कडवी वाचली. त्यात मास्तरांनी शेजाऱ्याच्या हातातली छत्री ओळखली होती, पण शेजारी फौजदार असल्यामुळे तिच्याकडे पाहून नुसता नमस्कार केला होता. मग त्यांनी नत्थूजींचं काळीज चिरणारी आठवी गोष्ट काढली. ती शाळातपासणीची होती. पट भरलेला दिसावा म्हणून मास्तर शेजारच्या गावची मुलं उसनी आणतात. साहेब बैलगाडीनं पुढच्या गावी निघतात, तर तीच मुलं शेतातल्या पायवाटेनं धावत आधी पोचतात. तिसऱ्या गावात साहेब वहीत शेरा लिहितात: या तालुक्यात शिक्षणाचा प्रसार इतका एकसारखा आहे की मुलांचे चेहरेही सारखे दिसू लागले आहेत.

लोक डोळे पुसत होते. नत्थूजीही पुसत होते, रुमाल हातात होताच. ऋषिकेशनं माइक ओढून घेतला आणि म्हणाला, "प्रबंधात मी हाच मुद्दा मांडला आहे. वरून करुण, आतून विनोद."

शेवटी रुपरावांचं नाव पुकारलं गेलं. ते उठले. हातातल्या कागदावर अश्रू पाझरत होते. ते त्यांनी पाहिले आणि कागदाची घडी घातली. शंभरावर वर्षं तो माणूस त्यांच्या घरात, कापडात बांधलेला, बोलायला तयार बसला होता, आणि घरच्यांनी त्याला दरवर्षी कुंकू लावून परत कपाटात ठेवलं होतं. रुपरावांना एकदम फार लाज वाटली.

"मी हे पुस्तक वाचलेलं नाही," ते म्हणाले. "कधीच नाही. चाळीस वर्षं खोटं बोलून राहिलो. पुस्तक बाइंडिंगलेही दिलं नव्हतं, ते हरवलं होतं. चौकात फोटो लागला, ते गुरांच्या दवाईचं पुस्तक आहे. त्याचा लिहिणारा कोण, मले माहीत नाही. सात दसरे मी त्याचीच पूजा केली."

ते थांबले आणि खाली मान घालून पुढे जे होईल त्याची वाट पाहू लागले. सभागृह टाळ्यांनी दणाणून गेलं. लोक हसून हसून मागे रेलत होते. भैय्याजींनी त्यांना मिठी मारली. "कमाल केली जी," ते कानात म्हणाले. "एकदम आजोबावर गेले तुम्ही. चेहऱ्यावर रेघ हलू दिली नाही."

"भैय्याजी, मी खरं सांगून राहिलो."

"तेच तर म्हणतो," भैय्याजी म्हणाले, आणि पुन्हा हसले.

कार्यक्रमानंतर पुस्तकासाठी गर्दी झाली. नत्थूजींनी फक्त दोन दिवसांसाठी मागितलं. प्रेमलताबाईंनी स्पष्ट सांगितलं की पुस्तक घराबाहेर जाणार नाही. ज्याला वाचायचं त्यानं दुपारी तीन ते पाच घरी येऊन वाचावं. त्यांनी मंडळाची एक वही घेतली आणि जसजसे लोक आले तसतशी नावं लिहिली. रुपराव फेटा सोडून, हार काढून, सगळ्यांचे निरोप घेऊन त्यांच्यापर्यंत पोचले तेव्हा यादी तेरापर्यंत गेली होती.

"मले कोणता दिवस?" त्यांनी विचारलं.

"चौदावा नंबर. पुढच्या नाही, त्याच्या पुढच्या रविवारी."

"सकाळी वाचीन ना मी. सकाळी तर पुस्तक रिकामंच राह्यते."

"सकाळी मी वाचून राहिली. दुसऱ्यांदा."

सोमवारी तीन वाजता ऋषिकेश आला. त्यानं चप्पल काढली, रुपरावांच्या खुर्चीत बसला आणि अठरावं पान उघडलं. रुपराव स्वयंपाकघरात चहा गाळत होते. थोड्या वेळानं बाहेरून पोट धरून हसल्याचा आवाज आला. ते गाळणी हातात तशीच धरून दारात आले.

"काय आहे सर? कोणती गोष्ट?"

ऋषिकेशनं चष्मा काढून डोळे पुसले आणि पान पुढे धरणार, तोच आतून प्रेमलताबाईंचा आवाज आला, "सांगू नका सर. त्यायचा नंबर यायचा आहे."

ऋषिकेशनं पुस्तक परत जवळ घेतलं. रुपराव आत गेले आणि चहात साखर घातली.